नेपाळची शिखरं लक्षात ठेवायची असतील तर आधी नद्या काढा

नेपाळ टूरवरून आलेल्या कुणाचाही फोन हातात घ्या, बर्फाच्या डोंगरांचे ढीगभर फोटो सापडतील, आणि हा कुठला डोंगर असं विचारलं की उत्तर येतं "हिमालय". फारच खोदून विचारलं तर "एव्हरेस्ट असेल बहुतेक", आणि फोटो असतो पोखऱ्याच्या हॉटेलच्या गच्चीवरून काढलेला, जिथून एव्हरेस्ट दिसण्याचा प्रश्नच येत नाही. दुसऱ्या टोकाला आपली एमपीएससीची पोरं. एव्हरेस्ट, कांचनजुंगा, ल्होत्से, मकालू अशी सगळी माळ उंचीसकट तोंडपाठ, झोपेतून उठवून विचारा. पण धौलागिरी अन्नपूर्णेच्या डावीकडे की उजवीकडे, असं विचारलं की गप्प.

पोरांचा दोष नाही हो, यादीचा आहे. उंचीच्या क्रमाने लावलेल्या यादीत जागेचा पत्ताच लागत नाही. जगात सातव्या नंबरचं धौलागिरी आणि दहाव्या नंबरचं अन्नपूर्णा ही दोघं प्रत्यक्षात समोरासमोर उभी आहेत, मध्ये फक्त एक नदी. यादीत मात्र त्यांच्या मध्ये मनास्लू आणि नंगा पर्बत घुसलेत, त्यातला मनास्लू अन्नपूर्णेच्या पलीकडच्या अंगाला आणि नंगा पर्बत तर थेट पाकव्याप्त काश्मिरात. अशी यादी पेपरात दोन मार्क देईल, डोंगरासमोर उभं राहिल्यावर काही कामाची नाही.

म्हणून उलटं करायचं. आधी नद्या काढायच्या आणि मग दोन नद्यांच्या मधल्या बेचक्यात शिखरं बसवायची. नेपाळात हे इतकं सुंदर जमतं की एकदा कागदावर केलं की परत पाठांतर लागत नाही.

एक ए-फोर कागद घ्या, आडवा धरा. नेपाळ पूर्व-पश्चिम साधारण ८०० किमी लांब आहे आणि उत्तर-दक्षिण रुंदी बरीचशी १५० ते २०० किमीच्या आसपास, म्हणजे १ सेमीला ३० किमी धरले की देश कागदात बरोब्बर मावतो. फक्त सरळ आडवा आयत काढू नका, देश तिरका आहे, डावीकडचं म्हणजे पश्चिमेचं टोक वर उचललेलं आणि उजवीकडचं खाली उतरलेलं. हा तिरकेपणा महत्त्वाचा आहे कारण त्यामुळेच पूर्वेकडची मोठी शिखरं आपल्याला वाटतात त्यापेक्षा बरीच दक्षिणेला पडतात. एव्हरेस्ट दिल्लीच्याही दक्षिणेला आहे, माहितीये का? दिल्ली साधारण २८.६ अक्षांशावर आणि एव्हरेस्ट २८ च्या एक केसभर खाली. आपल्या डोक्यात हिमालय म्हणजे कुठेतरी लांब वर उत्तरेला, कारण आपण काश्मीर-हिमाचलचा नकाशा जास्त बघतो.

आता आडवे पट्टे. खालून वर: तराई, म्हणजे बिहार-यूपीला लागून असलेली सपाट जमीन, झापा जिल्ह्यात तर ती समुद्रसपाटीपासून जेमतेम ६० मीटरवर आहे. मग चुरेच्या बुटक्या टेकड्या, ज्यांना आपण पुस्तकात शिवालिक म्हणतो, मग महाभारत रांग, मग मधला डोंगराळ पट्टा ज्यात काठमांडू (साधारण १४०० मीटर) आणि पोखरा (८०० च्या थोडं वर) येतं, आणि मग बर्फाची भिंत. भिंतीच्या मागे अजून थोडा नेपाळ उरतो, मुस्तांग आणि डोल्पो, तो कोरडा आणि तिबेटसारखा. पेन्सिलने पाच हलक्या रेघा मारा आणि पुढे चला.

आता खरा खेळ. नेपाळात तीन मोठी नदीखोरी आहेत, पूर्वेला कोशी, मध्ये गंडकी, पश्चिमेला कर्णाली. अगदी पश्चिम सीमेवर महाकाली आहे पण ती आपली आणि त्यांची सामाईक. तिन्हींचा आकार एकच, मनगट खाली आणि बोटं वर पसरलेला हाताचा पंजा. मनगट म्हणजे जिथून नदी डोंगर सोडून तराईत उतरते ती जागा. कोशीचं मनगट चतरा, गंडकीचं देवघाट (नारायणगढजवळ, चितवनच्या वाटेवर), कर्णालीचं चिसापानी. खाली उतरल्यावर तिन्ही आपल्याकडे येऊन गंगेला मिळतात, कोशी कोशीच राहते, गंडकीची गंडक होते, कर्णालीची घाघरा. कागदावर तीन मनगटं मार्क करा आणि प्रत्येकातून वर बोटं काढा.

सुरुवात मधल्या पंजापासून करा, कारण तिथली रचना सगळ्यात स्वच्छ आहे. डावीकडून उजवीकडे चार बोटं: काली गंडकी, मर्स्यांगदी, बूढी गंडकी, त्रिशूली. बास. आता बेचक्या भरा. काली गंडकीच्या डावीकडे धौलागिरी (८१६७ मीटर). काली गंडकी आणि मर्स्यांगदीच्या मध्ये अन्नपूर्णा (८०९१). मर्स्यांगदी आणि बूढी गंडकीच्या मध्ये मनास्लू (८१६३), आणि त्याच्याच सोबत हिमालचुली, नगादी चुली हे दोन दणदणीत भाऊ, दोघंही ७८०० च्या वर. बूढी गंडकी आणि त्रिशूलीच्या मध्ये गणेश हिमाल. त्रिशूलीच्या उजवीकडे लांगटांग. झालं की! अर्धा नेपाळ दोन मिनिटांत बसला.

आणि ही कागदावरची गंमत नाही, गाडीत बसून तपासता येते. काठमांडूहून पोखऱ्याला जाणारा पृथ्वी हायवे म्हणजे साधारण २०० किमीचा रस्ता, आपल्या टूरवाल्यांच्या बसेस त्याच रस्त्याने जातात आणि बहुतेक पब्लिक खड्डे आणि ट्रॅफिकला शिव्या देत झोपलेलं असतं. झोपू नका. डोंगर उतरून खाली आलं की उजव्या हाताला त्रिशूली लागते आणि ती मुगलिंगपर्यंत सोबत असते. मलेखू येतं, तिथे तळलेले मासे मिळतात, खायचे तर खा. त्याच्या पुढे बेनीघाट. इथे समोरून, उत्तरेकडून, एक नदी येऊन त्रिशूलीला मिळते, ती बूढी गंडकी. म्हणजे आत्तापर्यंत तुमच्या उजव्या हाताला, त्या हिरव्या डोंगरांच्या मागे गणेश हिमाल होता. बेनीघाट ओलांडलं की तुम्ही मनास्लूच्या बेचक्याच्या पायथ्याशी आलात. थोडं पुढे कुरिनटार, इथूनच मनकामनेची केबल कार वर जाते, आपल्याकडचे ग्रुप इथे हमखास थांबतात, तर वर देवळापाशी गेलात आणि हवा साफ असली की उत्तरेला बघा, मनास्लू आणि हिमालचुली त्याच बाजूला आहेत. खाली उतरून मुगलिंगला आलात की मर्स्यांगदी येऊन मिळते, रस्ता त्रिशूली सोडून तिच्या काठाने वळतो, आणि तुम्ही अन्नपूर्णेच्या हद्दीत शिरलात. दोन संगम आणि तीन हिमाल, खिडकीतून एकही शिखर दिसलं नाही तरी कुठलं कुठे आहे ते समजलेलं असतं.

ट्रेकवाल्यांनी तर हे आपोआप शिकायला हवं कारण नेपाळातले गोल ट्रेक म्हणजे दुसरं काय, एका नदीने वर जायचं, खिंड ओलांडायची, दुसऱ्या नदीने खाली यायचं. अन्नपूर्णा सर्किट: मर्स्यांगदीने वर, थोरोंग ला (५४१६ मीटर) ओलांडून मुक्तिनाथला, आणि काली गंडकीने खाली. मनास्लू सर्किट: बूढी गंडकीने वर, लार्क्या ला ओलांडून मर्स्यांगदीत. त्या त्या हिमालाला अख्खी प्रदक्षिणा.

काली गंडकीवर मात्र थोडं थांबायलाच पाहिजे, माझ्या मते अख्ख्या नेपाळच्या भूगोलात यापेक्षा भारी जागा नाही, एव्हरेस्टसुद्धा नाही. धौलागिरी आणि अन्नपूर्णा ही दोन आठ हजारी शिखरं एकमेकांपासून साधारण ३५ किमीवर, आणि त्यांच्या मधून नदी वाहते अडीच हजार मीटरच्या आसपास. म्हणजे शिखरांच्या टोकापासून नदीपर्यंत साडेपाच हजार मीटरची उतरण, दोन्ही बाजूंनी. आता विचार करा, नदी उत्तरेकडून, मुस्तांगच्या बाजूने येते आणि जगातल्या सगळ्यात उंच भिंतीला आरपार कापून दक्षिणेला जाते. पाणी डोंगर चढून तर आलं नसेल ना! भूगोलवाले सांगतात ते असं की नदी आधीपासून होती, डोंगर नंतर वर उचलले गेले, जमीन जसजशी वर येत गेली तसतशी नदी खाली कापत गेली आणि तिने आपली वाट सोडली नाही. पूर्वेकडची अरुण नदीही अशीच, तिबेटातून येऊन हिमालय फोडून खाली उतरते. म्हणूनच नेपाळात उंच शिखरांची रांग म्हणजे पाणलोटाची रेघ (जिथून पाणी दोन बाजूंना वाटलं जातं ती) नाही, पाणलोट बऱ्याच ठिकाणी मागे, तिबेटच्या बाजूला आहे. आणि म्हणूनच आपली ही नद्यांची युक्ती चालते, रांग अखंड असती तर बेचक्या मिळाल्याच नसत्या.

या दरीत सकाळी साधारण दहा-अकरानंतर दक्षिणेकडून असा काही वारा सुटतो की चालणारा माणूस वाकून चालतो, तोंडात धूळ, डोळ्यांत धूळ, म्हणून जोमसोमची विमानं सकाळी सकाळीच उडतात. मुक्तिनाथला जाणाऱ्या आपल्या मंडळींना हा अनुभव येतोच, दुपारची फ्लाइट का नाही म्हणून टूर मॅनेजरशी भांडू नका, कारण हे आहे. आणि देवघरातला शाळिग्राम इथलाच. काळा गुळगुळीत दगड, फुटला तर आत चक्राची नक्षी, ती समुद्रात राहणाऱ्या अमोनाइट नावाच्या शिंपल्यातल्या जिवाची. भारताचा तुकडा आशियाला धडकण्याआधी मध्ये जो टेथिस समुद्र होता त्याच्या तळाचा गाळ आता या डोंगरांत वर आलाय, एव्हरेस्टच्या अगदी टोकावरचा खडकसुद्धा चुनखडक आहे, समुद्रातला. काकूंच्या देव्हाऱ्यात विष्णू म्हणून पूजला जाणारा दगड हा हिमालय कसा झाला याचा हातात धरता येणारा पुरावा आहे, मला तर दोन्ही गोष्टी एकदम खऱ्या मानायला काही अडचण वाटत नाही.

पाऊसही इथेच समजून घ्या. पोखऱ्याच्या दक्षिणेला महाभारत रांग त्यामानाने बुटकी आहे, त्यामुळे मान्सूनचे ढग अडत नाहीत, थेट अन्नपूर्णेवर आपटतात. पोखऱ्याजवळच्या लुम्लेला वर्षाला ५००० मिमीच्या वर पाऊस पडतो, आणि भिंतीच्या मागे जोमसोमला ३०० मिमीसुद्धा नाही. महाबळेश्वरहून वाईला उतरताना जे होतं तेच, फक्त आपला घाट दीड हजार मीटरचा आणि ही भिंत आठ हजारांची, त्यामुळे पलीकडे नुसतं पिवळं वाळवंट.

आता पूर्वेचा पंजा, कोशी. इथे बोटं जास्त आहेत, सात नद्या म्हणून सप्तकोशी म्हणतात, पण सातही काढू नका, गोंधळ होतो. चार पुरेत. डावीकडून तामाकोशी, दूधकोशी, अरुण, तमोर. यातल्या पहिल्या दोन थेट चतऱ्याला येत नाहीत, खाली आडव्या वाहणाऱ्या सुनकोशीला मिळतात, ती सगळ्यांना गोळा करत पूर्वेकडे जाते, म्हणजे पंजाचा अंगठा आडवा पडलाय असं काढा. तामाकोशी आणि दूधकोशीच्या मध्ये गौरीशंकर (७१३४) आणि वरच्या टोकाला चो ओयू (८१८८). दूधकोशी आणि अरुणच्या मध्ये एव्हरेस्ट, ल्होत्से (८५१६), मकालू (८४८५), तिघं एकाच बेचक्यात. अरुण आणि तमोरच्या मध्ये आठ हजारी काहीच नाही, ते रिकामं सोडा. आणि तमोरच्या उजवीकडे, पार सिक्कीमच्या सीमेवर, कांचनजुंगा (८५८६). म्हणजे नेपाळच्या यादीत शेजारी शेजारी असलेले, जगातले एक आणि तीन नंबर प्रत्यक्षात शंभर किमीहून लांब आहेत आणि मध्ये दोन नद्या वाहतात.

गौरीशंकर उंचीने फार नाही पण त्याला विसरू नका. काठमांडूच्या पूर्वेला तो असा ठसठशीत दिसतो की एकोणिसाव्या शतकात बरीच वर्षं त्यालाच एव्हरेस्ट समजत होते, तो घोळ १९०३ च्या मोजणीनंतर मिटला. आणि नेपाळचं घड्याळ आपल्यापेक्षा १५ मिनिटं पुढे का, तर त्यांची प्रमाणवेळ गौरीशंकरजवळून जाणाऱ्या रेखावृत्तावर धरलीये, ८६ अंश १५ मिनिटं पूर्व. आपली मिर्झापूरजवळची ८२ अंश ३० मिनिटं. फरक पावणेचार अंश, एका अंशाला ४ मिनिटं, हिशोब करून बघा, बरोब्बर १५ येतात. एका डोंगरामुळे सीमेवर उतरल्या उतरल्या घड्याळ हलवावं लागतं, हे मला जाम आवडतं.

पश्चिमेचा पंजा लवकर उरकतो. कर्णाली, भेरी, सेती. धौलागिरीच्या पश्चिमेला जवळपास ४० टक्के नेपाळ पडलाय आणि त्यात एकही आठ हजारी नाही, म्हणून पर्यटकही नाहीत आणि नकाशातही लोक तो भाग कोरा सोडतात. तीन नावं टाका: डोल्पोच्या बाजूला कांजिरोबा, अगदी पश्चिम टोकाला सैपाल (७०३१) आणि आपी (७१३२). कैलास-मानसरोवरला नेपाळमार्गे जाणारे नेपाळगंज-सिमिकोट-हिल्सा असे जातात तो हुमला कर्णालीचाच भाग आहे. एक सावधगिरी, सेती नावाच्या दोन नद्या आहेत, एक पोखऱ्याची आणि एक ही पश्चिमेची, आणि भोटेकोशी नावाच्या तर तीन-चार सापडतील, तिबेटकडून आली की भोटेकोशी असा सरळ हिशोब. गूगलवर नुसतं नाव टाकून भलत्याच जिल्ह्यात जाऊ नका, आजूबाजूचं गाव बघून खात्री करा. नकाशात खोला म्हणजे लहान नदी आणि नावाच्या शेवटी ला असेल तर ती खिंड, एवढं ठाऊक असलं की पुरे.

उंचीच्या आकड्यांवरून व्हॉट्सअॅप ग्रुपवर भांडणं होतात, ती करू नका. एव्हरेस्टचा ८८४८ हा आकडा आपल्या सर्व्हे ऑफ इंडियाच्या १९५५ च्या कामातून आलेला, नेपाळ आणि चीनने मिळून डिसेंबर २०२० मध्ये ८८४८.८६ मीटर जाहीर केला, तोच आता वापरायचा. मधल्या काळात चीनचा ८८४४.४३ पण होता, तो बर्फ सोडून खडकाची उंची होती. मकालू कुठे ८४६३ तर कुठे ८४८५, चो ओयू कुठे ८२०१ तर कुठे ८१८८, पुस्तक कुठल्या मोजणीवर आहे त्यावर अवलंबून. क्रम काही बदलत नाही.

त्यापेक्षा एक दुसरा आकडा बघायची सवय लावा, शिखर आजूबाजूच्या खिंडीपासून स्वतःच्या बळावर किती वर उठलंय तो. ल्होत्से जगात चौथं, पण एव्हरेस्ट आणि त्याच्या मधली साउथ कोल ही खिंड ७९०० मीटरच्या वर आहे, त्यामुळे ल्होत्सेचा स्वतःचा उठाव जेमतेम ६१० मीटर. धौलागिरी त्याच्यापेक्षा साडेतीनशे मीटरनी बुटकं, पण उठाव ३३५० च्या वर. म्हणूनच धौलागिरी एकटं, रुंद, अंगावर आल्यासारखं दिसतं आणि ल्होत्से एव्हरेस्टचा खांदा वाटतं. १८०८ च्या सुमाराला धौलागिरी मोजलं गेलं तेव्हा पुढची तीसेक वर्षं तेच जगात सगळ्यात उंच मानत होते, आणि खालून बघितल्यावर त्यांना दोष द्यावासा वाटत नाही. राधानाथ सिकदार यांचं गणित आणि पीक फिफ्टीनची (म्हणजे एव्हरेस्टचीच) गोष्ट तर १८५२ ची, ती आपण शाळेत ऐकलेलीच आहे.

आता प्रत्यक्ष ओळखायचं कसं. पहिला नियम: जवळचं शिखर खोटं बोलतं. पोखऱ्यात सगळ्यात उंच दिसतं ते माछापुच्छ्रे, आणि ते आहे ६९९३ मीटर, सात हजारसुद्धा नाही. पण ते शहरापासून जेमतेम २५-३० किमीवर आहे आणि तुम्ही उभे आहात ८०० मीटरवर, त्यामुळे सहा हजार मीटरचा डोंगर एकदम समोर उभा. अन्नपूर्णा एक, म्हणजे खरं आठ हजारी, मागे राहतं आणि बारकं दिसतं, बहुतेक लोक अन्नपूर्णा साउथचा (७२१९) फोटो काढून अन्नपूर्णा म्हणून स्टेटसला टाकतात. पोखऱ्याजवळच्या सारंगकोट टेकडीवर जा, उंची जवळपास आपल्या कळसूबाईएवढी, आणि डावीकडून वाचत या: लांब डावीकडे धौलागिरी, मग अन्नपूर्णा साउथ, मग मधोमध माछापुच्छ्रे, त्याच्या उजवीकडे अन्नपूर्णा तीन, चार, दोन (हो, याच क्रमाने, आकडे उंचीचे आहेत जागेचे नाहीत) आणि शेवटी लमजुंग हिमाल. अजून एक, माछापुच्छ्रेची ती माशाची शेपटी पोखऱ्यातून दिसत नाही. तिथून ते एकच टोक असलेलं त्रिकोणी शिखर दिसतं, दोन टोकं बघायची तर पश्चिमेला जायला लागतं, पून हिलच्या (३२१० मीटर) बाजूला. १९५७ मध्ये एक ब्रिटिश मोहीम माथ्याच्या अगदी जवळ जाऊन मागे फिरली, त्यानंतर ते पवित्र म्हणून चढाईला बंद आहे.

एव्हरेस्टच्या बाजूला हाच खोटेपणा दुप्पट. नामचे-तेंगबोचेच्या वाटेवर आमा दाब्लाम (६८१२) इतकं देखणं आणि मोठं दिसतं की सगळे कॅमेरे तिकडे. एव्हरेस्ट मागे, नुप्त्से-ल्होत्सेच्या लांब भिंतीवरून डोकावणारा काळपट त्रिकोण. वरच्या जोरदार वाऱ्याने त्याच्यावरचा बर्फ टिकत नाही म्हणून काळपट, आणि टोकावरून उडणाऱ्या बर्फाचा पांढरा झेंडा दिसला की समजायचं तोच. बेस कॅम्पवरून तर माथा दिसतच नाही, त्यासाठी काला पत्थरवर चढावं लागतं, हे तिथे पोचल्यावर कळून नाराज झालेले लोक बरेच आहेत, आधीच सांगून ठेवतो.

नेपाळला न जाताही यातला मोठा भाग बघता येतो. दार्जिलिंगच्या टायगर हिलवर पहाटे कुडकुडत बघतो ते कांचनजुंगा नेपाळ-सिक्कीम सीमेवरचंच आहे, फक्त आपण ते पूर्वेच्या खिडकीतून बघतो. सीमेवरच्या संदकफूला (३६३६ मीटर) गेलात तर एका बाजूला कांचनजुंगा आणि दुसऱ्या बाजूला ल्होत्से, एव्हरेस्ट, मकालू, म्हणजे जगातल्या पहिल्या पाचांपैकी चार एका जागेवरून. तिथेही मकालूच मोठं दिसतं, कारण ते जवळ. पुण्याच्या गिरिप्रेमीची मंडळी २०१२ मध्ये एव्हरेस्टवर आणि २०१९ मध्ये कांचनजुंगावर गेली, त्या बातम्या वाचताना आता हा कागद शेजारी ठेवा, कुठली टीम कुठल्या नदीने वर गेली असेल ते लगेच डोळ्यांसमोर येतं.

अॅप वापरायचं तर पीकफाइंडर चांगलं आहे, नेटशिवाय चालतं, पण आधी स्वतः ओळखा आणि मग तपासा, नाहीतर डोकं वापरणं बंद होतं. घरी बसून गूगल अर्थ तिरपा करून काली गंडकीच्या दरीतून वर उडत जा, फुकटात होतं आणि पोरांना फार आवडतं.

वेळ ऑक्टोबर-नोव्हेंबरची, पावसाने हवा धुतलेली असते. डिसेंबर-जानेवारीतही सकाळी स्वच्छ दिसतं, थंडी झेपत असेल तर. एप्रिलच्या सुट्टीत पोरांना घेऊन जाणाऱ्यांनी अपेक्षा कमी ठेवा, धूळ आणि जंगलातल्या आगींचा धूर यामुळे पोखऱ्यातून समोरचं माछापुच्छ्रेसुद्धा दिवसेंदिवस गायब असतं, दिसलं तर पहाटे सहा ते आठ, मग ढग आलेच. आणि विमानाची सीट: दिल्लीहून काठमांडूला जाताना डावी खिडकी, परत येताना उजवी, काठमांडू ते पोखरा उजवी आणि येताना डावी. छोट्या विमानांत सीट नंबर नसला तर दार उघडल्यावर पटकन चढायचं, लाजायचं नाही.